भेक मारू नका, आणि बाहेरून आणूही नका

प्रति,
गोव्यातल्या फोंडा तालुक्यातल्या पंचायतींच्या जैवविविधता व्यवस्थापन समित्यांचे सर्व सभासद,

सप्रेम नमस्कार.

मी एक साधा कुळागरवाला, म्हणजे पोफळी-माडांची बाग राखणारा. नोकरीची बत्तीस वर्षं वास्कोत गेली, बंदरातला माल सोडवून देणाऱ्या एका कचेरीत. निवृत्त झालो तसा गावी आलो आणि वडिलांच्या पोफळी सांभाळू लागलो. प्राणिशास्त्र शिकलेलो नाही. पण रात्री पंपाच्या खोलीकडे जावं लागतं, वाटेत भेक, म्हणजे खरबरीत अंगाचे बेडूक, भेटतात, आणि वाचायची सवय जुनी आहे. एवढ्या भांडवलावर हे पत्र लिहितो आहे.

निमित्त एका ग्रामसभेचं. गावाचं नाव लिहीत नाही, माणसं आपलीच आहेत. मे महिना, पंखे बंद, सगळे घामाघूम. एकाने उठून सांगितलं की त्याच्या कुत्र्याने अंगणातला खरबरीत बेडूक तोंडात धरला, तोंडाला फेस आला आणि सकाळपर्यंत कुत्रा गेला. तेव्हा गटारातले, तळीकाठचे सगळे बेडूक पंचायतीने मीठ-चुना टाकून संपवावेत. त्याचं बोलणं संपतं न संपतं तोच दुसऱ्याने मोबाइल वर धरला. ऑस्ट्रेलियात म्हणे सरकारने मोठाले बेडूक पाळून शेतात सोडले, ते भुंगे खातात. आपल्या माडांना गेंडा भुंगा लागलाय, तर तसलेच आणावेत, आणि तळीत डासांसाठी परदेशी मासेही सोडावेत. दोन्ही सूचनांना टाळ्या पडल्या. पुढे इतिवृत्तात मी स्वतः वाचलेलं वाक्य असं: ‘बेडकांचा बंदोबस्त करणे व चांगल्या जातीचे बेडूक आणणे याबाबत विचार करण्यात आला.’

हसू आलं. पण घरी येऊन विचार केला तेव्हा वाटलं, या एका वाक्यात जगभरचा घोटाळा मावलाय. जे हाताशी आहे ते मारायचं आणि ज्याची माहिती नाही ते आणायचं. अशा सूचना तुमच्या टेबलावर येणारच. २००२ च्या जैवविविधता कायद्याने तुम्हाला नेमलंय ते अशाच कामासाठी. म्हणून हे पत्र सगळ्यांसमोर.

आधी आपला भेक. बेडूक आणि भेक यांत आपण बोलताना फरक करत नाही. बेबो म्हणजे पावसात ओरडणारा, गुळगुळीत, लांब उड्या मारणारा, आणि कायद्याने बंदी असूनही काहींच्या ताटात जाणारा. भेक तो नव्हे. भेक म्हणजे मातकट रंगाचा, अंगभर काळ्या टोकांचे फोड, आखूड पायांचा, उडी मारण्यापेक्षा फुदकत चालणारा. आमच्या पाडेल्याला, म्हणजे नारळ पाडणाऱ्याला, तो माडाच्या बुंध्याशी दिसला की तो म्हणतो, ‘बाब, ताका हात लावं नाका.’ हात लावल्याने चामखीळ येते ही समजूत खोटी आहे, पण हात न लावण्याचा सल्ला मात्र खरा. डोळ्यांमागे दोन लांबट फुगवटे असतात, त्यांत पांढरं चिकट विष असतं. ते उगाच अंगावर उडवत नाही. कोणी चावलं, दाबलं, तरच बाहेर येतं.

आमच्या पंपाच्या खोलीवर एक पिवळा दिवा आहे. पहिला पाऊस पडून गेला की संध्याकाळी वाळवीची पाखरं त्याच्याभोवती घोंघावतात, आणि खाली सिमेंटच्या कट्ट्यावर तीन-चार भेक देवळात नैवेद्याची वाट बघत बसावं तसे बसतात. मी स्टूल टाकून तासभर बघत बसलोय. पाखरू पंख टाकून कट्ट्यावर पडतं. जोवर ते निपचित आहे तोवर भेक बघतही नाही. ते वळवळलं की मान किंचित पुढे, मागच्या पायाचं एक बोट थरथरतं, आणि जीभ जाऊन परत आलेलीही असते. आपली जीभ घशाशी जोडलेली, त्याची पुढे, खालच्या ओठाशी. त्यामुळे ती झडप उघडावी तशी बाहेर पडते. त्याला दात नाहीत. घास आत गेला की तो डोळे मिटतो. चव घेतोय असं वाटतं, पण खरं म्हणजे डोळ्यांचे गोळे आत दाबून तो घास मागे ढकलत असतो.

काय खातो हे बघायचं असेल तर सकाळी यावं. कट्ट्यावर करंगळीएवढी काळी, चकचकीत विष्ठा पडलेली असते. एकदा मी ती पांढऱ्या बशीत घेतली, पाणी घातलं आणि काडीने मोकळी केली. बायकोने त्या दिवसापासून ती बशी वेगळी ठेवलीय, ते सोडा. बशीत काय निघालं? मुंग्यांची डोकी, शेकड्यांनी. भुंग्यांच्या पाठीची कवचं, निळी-हिरवी, दागिन्यासारखी. पैशाच्या, म्हणजे वाणी किड्याच्या, अंगाच्या कड्या. एका विंचवाची नांगी. आणि एक मधमाशी, अख्खी. म्हणजे तुमचा शत्रू कोण आणि मित्र कोण हे भेकाला ठाऊक नसतं. जे हलतं आणि तोंडात मावतं ते त्याचं अन्न. ही बशी लक्षात ठेवा, पुढे तिचं काम पडणार आहे.

आता मोबाइलवरचा ऑस्ट्रेलिया. व्हिडिओत सांगितलं ते खोटं नाही, फक्त अर्धं आहे. ऑस्ट्रेलियात नेला तो मूळचा दक्षिण आणि मध्य अमेरिकेतला भेक, आपल्या भेकापेक्षा कितीतरी थोराड. त्याला तिथे ‘ऊसभेक’ म्हणतात, इंग्रजीत केन टोड. नावात ऊस आला तो त्याच्या आवडीमुळे नव्हे, माणसांच्या आशेमुळे. आणि या सगळ्याची सुरुवात अशाच एका बशीपासून झाली. १९३२ साली प्यूर्तो रिकोच्या सान हुआन शहरात जगभरच्या ऊसतज्ज्ञांची परिषद भरली होती. तिथे राकेल डेक्स्टर या बाईंनी भेकांची पोटं तपासून निबंध वाचला. उसाच्या मळ्यात पकडलेल्या भेकांच्या पोटात निम्म्याहून अधिक कीटक उपद्रवी सापडले होते. ऐकणाऱ्यांना काय, तेवढंच हवं होतं. त्याच वर्षी हवाईच्या ऊसवाल्यांनी भेक नेले, आणि १९३५ च्या जूनमध्ये रेजिनल्ड मंगोमरी हा कीटकतज्ज्ञ हवाईहून शंभरेक भेक पेट्यांत घालून क्वीन्सलँडला घेऊन आला. गॉर्डनव्हेल गावाजवळच्या संशोधन केंद्रात त्यांची वीण झाली. ऑगस्टमध्ये सुमारे २४०० पिल्लं उसात सोडली. वॉल्टर फ्रॉगट नावाचा एक म्हातारा कीटकतज्ज्ञ तेव्हाच ओरडून सांगत होता की हा तिथे बाहेरून आणलेल्या सशाइतकाच आणि निवडुंगाइतकाच डोईजड होईल. त्याच्या ओरडण्याने काही महिने सोडणं थांबलं. १९३६ मध्ये पुन्हा सुरू झालं. आडनावातच बेडूक (इंग्रजीत फ्रॉग) असलेल्या माणसाचं बेडकांबद्दल कोणी ऐकलं नाही, हेही नशीब.

बाईंची चूक नव्हती. पोटात जे होतं ते त्यांनी सांगितलं. पण भेक सापडेल ते खातो, म्हणजे तो कुठे बसतो आणि तिथे काय सापडतं यावर सगळं अवलंबून. हे कुणी विचारलंच नाही.

तुमच्यापैकी कोणाचे पाहुणे कोल्हापूर-सांगलीकडे असतील तर त्यांना हुमणी विचारा. माझ्या मेहुण्याचा ऊस आहे कागलला. तो सांगतो, हुमणीची अळी जमिनीत, मुळं कुरतडत बसलेली. वळवाचा पाऊस झाला की भुंगे संध्याकाळी बाहेर पडतात आणि थेट कडुलिंबावर, बाभळीवर. तिथे खातात, जोड्या लागतात, पहाटे परत मातीत. म्हणून शेतकरी रात्री फांद्या हलवून भुंगे खाली पाडतात आणि रॉकेलच्या पाण्यात टाकतात, प्रकाशसापळे लावतात. क्वीन्सलँडचा तो उसाचा भुंगा हुमणीचाच भाऊबंद. अळी मातीखाली, भुंगा झाडावर नाहीतर उसाच्या शेंड्यावर. मध्ये, जमिनीवर, भेक. त्याला ना खणता येतं ना चढता येतं. शिवाय कोवळ्या उसात दिवसा सावली नसते, ओल नसते, त्यामुळे तो शेतात थांबलाच नाही. बांधावर, गटारात, घरांच्या दिव्याखाली जाऊन बसला. भुंगे होते तसेच राहिले.

आता आपल्या माडाकडे वर बघा. गेंडा भुंगा कुठे असतो? शेंड्याच्या कोवळ्या कोंबात, साठ-सत्तर फुटांवर. पुढे पान उलगडतं तेव्हा कात्रीने कापल्यासारखं त्रिकोणी दिसतं, ते त्याचं काम. आणि अळी? शेणखताच्या खड्ड्यात, कुजलेल्या माडाच्या खोडात. कोणता भेक माडावर चढणार आहे? खड्डा उपसून अळ्या वेचाव्यात, कुजकी खोडं हलवावीत, शेंड्यातला भुंगा पाडेल्याकडून आकड्याने काढावा, खड्ड्यात अळ्या मारणारी मेटारायझियम बुरशी टाकावी. कृषी खात्याचे लोक हे वर्षानुवर्षं सांगतात. कष्टाचं आहे, म्हणून मोबाइल वर धरावासा वाटतो.

एक गंमत सांगतो. हाच गेंडा भुंगा, आपल्या दक्षिण आशियातला, १९०९ साली सिलोनहून नेलेल्या रबराच्या रोपांबरोबर प्रशांत महासागरातल्या सामोआ बेटांवर पोचला आणि तिथल्या माडांची त्याने दाणादाण उडवली. आपल्याकडचीही वस्तू दुसरीकडे गेली की चोर ठरते. हे वाक्य मी पुढे भेकाबद्दल परत लिहिणार आहे.

ऊसभेकाचं पुढे काय झालं? मादी एका वेळी आठ हजारांपासून तीस हजारांपर्यंत अंडी घालते. सुरुवातीला ते वर्षाला दहाएक किलोमीटर पुढे सरकत, आता आघाडीवरचे पन्नासहून अधिक सरकतात. २००६ मध्ये शास्त्रज्ञांनी मोजून दाखवलं की आघाडीवरच्या भेकांचे पाय मागे राहिलेल्यांपेक्षा लांब आहेत. लांब पायांचे पुढे जातात, पुढच्यांचा संसार पुढच्यांशीच होतो, पिल्लं आणखी लांब पायांची. २००१ मध्ये ते काकाडूच्या अभयारण्यात शिरले. २००९ पर्यंत पश्चिम ऑस्ट्रेलियाची हद्द ओलांडली.

खाण्यानेही नुकसान झालं, पण मजेशीर रीतीने. तिथे आपल्या वेड्या राघूचा एक रंगीत भाऊबंद आहे. तोही आपल्या राघूसारखाच मातीत बीळ करून घरटं घालतो. भेकांनी ती बिळं शोधली, आत शिरून अंडी-पिल्लं खाल्ली, वर तिथेच मुक्काम केला. इतकंच नाही, ऊसभेक घरातल्या कुत्र्याच्या ताटलीतलं खाणंही खातो. न हलणारं अन्न वासावरून शोधणारा भेक विरळाच. पण खरा घात त्याच्या खाण्याने नव्हे, त्याला खाल्ल्याने झाला. ऑस्ट्रेलियात भेकांच्या कुळातला एकही प्राणी मुळात नव्हता. तिथल्या सापांना, घोरपडींना, गोड्या पाण्यातल्या मगरींना लाखो वर्षांत अशा विषाशी गाठ पडलेली नाही. क्वोल नावाचा लहान मांजराएवढा, पोटाला पिशवी असलेला शिकारी आहे. त्याला भेक म्हणजे आयतं, जाडजूड, न पळणारं जेवण. एक घास, आणि हृदय बंद. भेक आले तिथून क्वोल आणि पिवळ्या ठिपक्यांच्या मोठ्या घोरपडी अक्षरशः पुसल्या गेल्या.

विषाचं काम समजून घ्यायला मला वेळ लागला, म्हणून जमेल तसं सांगतो. आपल्या पेशींत मिठातलं सोडियम बाहेर टाकणारा आणि पोटॅशियम आत ओढणारा एक पंप असतो, हृदयाचा ठोका त्याच्यावर चालतो. भेकाचं विष त्या पंपाच्या एका खाचेत जाऊन बसतं आणि तो अडकवतं. डिजिटॅलिस हे हृदयाचं औषध जिथे बसतं तीच ती खाच. आशिया आणि आफ्रिकेतल्या घोरपडींच्या, भेक खाणाऱ्या सापांच्या जनुकांत त्या खाचेचा आकार जरासा बदललेला आहे. विष बसतच नाही. ऑस्ट्रेलियाच्या घोरपडी मूळच्या आशियातूनच गेलेल्या. पण तिथे भेक नव्हते, गरज नव्हती, आणि जनुकातल्या चार अक्षरांच्या बदलाने ते कवच हरवलं. चार अक्षरं. आपल्या कुळागरातली घोरपड भेक गिळून पोफळीच्या मुळाशी उन्हात पडून राहते, तिची तिकडची चुलत बहीण तोच घास घेऊन मरते.

म्हणून म्हणतो, इथला हिशेब वेगळा. आपल्या भेकाला खाणारे घरात आहेत. धामण खाते, दिवड खातो, नागही. कावळा भेकाला उलटा करून पाठीकडचं सोडून पोटाकडून खातो, हे मी दोनदा पाहिलंय. (ऑस्ट्रेलियातल्या कावळ्यांनी आणि तिथल्या एका पाणउंदराने आता हीच युक्ती शिकलीय. पाणउंदीर तर पोट फाडून नेमकं काळीज तेवढं काढतो.) म्हणून इथे दिव्याखाली भेक चार-पाचच दिसतात, चारशे दिसत नाहीत. आणि तो जी मुंगी, वाळवी, पैसा खातो त्यांचं प्रमाणही तसंच राहतं.

आणि हाच आपला भेक, किंवा त्याचा सख्खा भाऊ, मादागास्करमध्ये चोर आहे. २०१४ साली तिथल्या तोआमासिना बंदराजवळ तो पहिल्यांदा नोंदला गेला. जनुकं तपासल्यावर खुणा कंबोडिया-व्हिएतनामच्या बाजूला निघाल्या. मालाबरोबर, बहुधा कंटेनरमधून गेला असणार. मादागास्करमध्येही आधी भेक नव्हते. २०१८ मध्ये तिथल्या डझनावारी सापांची, सस्तन प्राण्यांची, पक्ष्यांची ती पंपाची खाच तपासली, तेव्हा एका उंदरासारख्या प्राण्याचा अपवाद सोडला तर जवळजवळ कुणाकडेच कवच निघालं नाही. तोवर भेक लाखांच्या घरात गेले होते आणि ‘पूर्ण काढून टाकणं जमणार नाही’ असा निर्णय आला होता.

कंटेनर शब्द आला की मला कचेरी आठवते. एकदा यंत्राच्या सुट्या भागांचा कंटेनर उघडायला मी हजर होतो. आशियाच्याच कुठल्यातरी बंदरातून, आठवडे समुद्रावर काढून आलेला. दार उघडलं, गरम हवेचा लोट आला, आणि लाकडी फळीखालून एक भेक बाहेर आला. वाळलेला, कातडी सुरकुतलेली, पण जिवंत. सगळे हसले. कोणीतरी बुटाने त्याला यार्डाच्या कडेच्या गवतात ढकलला. कागदात ‘कीटक नाहीत’ असा शिक्का होता, तो बरोबरच होता म्हणा, भेक कीटक नव्हे. मी त्या कागदावर सही केली. आता वाटतं, तो आपल्यातलाच निघाला म्हणून बरं, दुसऱ्या कुठला असता तर? आणि आपल्या बंदरातून जाणाऱ्या रिकाम्या कंटेनरमध्ये असाच कोणी चढून गेला असेल तर? कुणी बघितलंय?

बेडकाच्या प्रवासाला बंदरच लागतं असंही नाही. आपला बेबो, ज्याला इथे टॉर्च घेऊन पोत्यात भरतात आणि ज्याच्या तंगड्यांची निर्यात सरकारने १९८७ मध्ये बंद केली, तो अंदमानात उपरा आहे. गेला कसा, तर मुख्य भूमीवरून नेलेल्या मत्स्यबीजात. माशांच्या पिल्लांबरोबर त्याची पिल्लं, कुणाच्या लक्षातही न येता. त्याची पिल्लं मांसाहारी. डबक्यातल्या दुसऱ्या बेडकांची पिल्लं ती खाऊन टाकतात. मोठा बेबो तर पाली, लहान बेडूक, लोकांच्या सांगण्याप्रमाणे कोंबडीची पिल्लंही सोडत नाही. इथे आपण त्याला पोत्यात भरतो, तिथे तो इतरांना.

आणि वाळा साप, तो बोटभर, आंधळा, गांडुळासारखा, तुम्ही कुंडीखाली बघितला असेल. कुंड्यांच्या मातीतून तो जगभर पोचला, सगळ्या माद्याच, नर लागतच नाही. एक कुंडी पुरे.

तेव्हा समितीने काय करावं, असं विचाराल.

पहिलं तुमच्या नोंदवहीचं. लोक जैवविविधता नोंदवही काही ठिकाणी एका उन्हाळ्यात भरून कपाटात गेली, हे आपण सगळे जाणतो. आमच्या गावच्या वहीत ‘बेडूक’ असा एकच शब्द आहे. एक शब्द! २०१८ मध्ये गोव्याच्या सड्यांवरून एका लहानशा बेडकाची नवी जात जगापुढे आली, आणि शास्त्रज्ञांनी तिचं नावच ‘गोंयची’ ठेवलं. पलीकडे आंबोलीत २००९ मध्ये वाघासारख्या पिवळ्या पट्ट्यांचा भेक नव्याने नोंदला गेला, तो आंबोलीच्या जांभ्या कातळाबाहेर फारसा नाही. अशा भूमीत ‘बेडूक’ एवढ्यावर कसं भागेल? मृग लागल्यावर चार रात्री टॉर्च घेऊन फिरा, शाळेतली मुलं घ्या, पाडेल्याला घ्या, बायकांना विचारा. कोणता कुठे बसतो, काय खातो, आणि सगळ्यात महत्त्वाचं, त्याला कोण खातं, हे लिहा. हा शेवटचा रकाना छापील फॉर्मात नसला तर पेनाने आखून घ्या. ऑस्ट्रेलियात तो रकाना नव्हता.

दुसरं मत्स्यबीजाचं. शेततळ्यात रोहू-कटल्याची पिल्लं सोडायचा उत्साह वाढलाय, चांगलं आहे. पण पिशवी फाडून पाण्यासकट ओतू नका. पाणी जाळीतून बाहेर जमिनीवर टाका आणि पिल्लं बारकाईने बघा. भेकाची अंडी माळेसारखी, दोऱ्यात काळे मणी ओवल्यासारखी असतात, ती ओळखायला पाच मिनिटं लागतात. डासांसाठी गंबूसिया सोडायचा असेल तर समितीने सरळ नाही म्हणावं. तो अमेरिकेतला मासा, १९२८ पासून भारतात आहे, आणि डासांच्या अळ्यांबरोबर बेडकांची अंडी-पिल्लंही खातो. गोव्यातच १९९० च्या दशकात मलेरियाच्या डासांवर अप्लोकायलस हा इथलाच लहान मासा वापरून पाहिलेला आहे. तो विहिरीत, पाटात आपोआप असतो. त्याला नवीन पाहुणा कशाला?

रोपवाटिका आणि बंगल्यांच्या बागा करणारे ठेकेदार यांच्याशीही बोलायला हवं. बाहेरच्या राज्यातून ट्रक भरून झाडं येतात, मातीच्या गोळ्यासकट. उतरवताना कुंडी उचलून खाली बघणं, गोळ्याला पाणी मारून बाजूला ठेवणं, एवढं तरी सांगता येईल. त्यात वेगळं काही दिसलं तर गवतात ढकलू नका. बरणीत ठेवा, फोटो काढा, वन खात्याला कळवा. मी त्या दिवशी हे केलं नाही.

मीठ-चुन्याचं काय? नको. मीठ-चुन्याने भेकच नव्हे, तळीतली सगळी अंडी-पिल्लं, मासे, शेवाळ जातं, आणि डास उरतात. ज्याचा कुत्रा मेला त्याचं दुःख मला कळतं. माझाही कुत्रा एकदा लाळ गाळत आला होता. त्या माणसाला तेव्हाच कोणी एवढं सांगितलं असतं तर: कुत्र्याचं तोंड खाली करून ओल्या फडक्याने हिरड्या, जीभ पुसून काढायची, पाणी बाजूने घालायचं, घशात उलटं जाऊ द्यायचं नाही, आणि पशुवैद्याकडे धावायचं. रात्री कुत्र्याला दिव्याखाली मोकळं सोडू नये. आणि अंगणातला दिवा रात्रभर जळत ठेवला नाही तर भेकही अंगणात येणार नाही, तो पाखरांसाठी येतो, तुमच्यासाठी नव्हे. एवढं लिहिलेला एक कागद पंचायतीच्या फलकावर लावायला किती खर्च येईल?

त्या इतिवृत्तातलं वाक्य पुढच्या सभेत दुरुस्त व्हावं, ही विनंती. ‘बंदोबस्त करणे’ खोडा, ‘आणणे’ही खोडा. विचार करण्यात आला एवढं राहू द्या, तेवढं खरं होऊ दे.

माझ्याकडे दोन पावसाळ्यांच्या नोंदी आहेत, शाळेच्या वहीत, तारखा घालून. बशीतल्या कवचांचे फोटोही आहेत. बैठकीची तारीख कळवा, घेऊन येतो. बैठक संध्याकाळी ठेवली तर उत्तम. दिवा लागल्यावर आमच्या पंचायतीच्या पायरीवर दोन भेक असतातच, एक मोठी मादी आणि एक बारका. येताना जरा बघून पाऊल टाका.

आपला,
एक कुळागरवाला